गुरुवारची नळी

आमच्या पट्ट्यात कारखान्यांची साप्ताहिक सुट्टी बहुतेक ठिकाणी गुरुवारी असते. नातेवाईक रविवारी जेवायला बोलावतात तेव्हा मी चाकणला कंपनीत असतो, आणि मी मोकळा असतो तेव्हा ते सगळे कामावर असतात. या रिकाम्या गुरुवारांमुळेच मला चित्रपट करायची सवय लागली, असं माझी बायको म्हणते. तिचं म्हणणं साधारण बरोबर आहे.

मी गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कंपनीत कॉस्टिंग बघतो. एखादा भाग बनवायला किती माल, किती वेळ, किती वीज लागते ते काढायचं आणि त्यातलं काय वाचवता येईल ते सांगायचं. चित्रपटही मी तसेच करतो. पहिल्या चित्रपटात एकच माणूस आणि एकच खोली होती, कारण दुसऱ्या खोलीत सासूबाई झोपलेल्या होत्या. तो आमच्या सोसायटीत गणपतीत दाखवला, मुलांच्या वेशभूषा स्पर्धेनंतर. निकाल लागेपर्यंत लोक थांबले, म्हणून तो शेवटपर्यंत पाहिला गेला.

दुसरा चित्रपट एका परगावच्या महोत्सवात लागला. मी रजा काढून गेलो. सभागृहात नऊ माणसं होती आणि त्यातली चार पुढच्या चित्रपटासाठी जागा धरायला लवकर आलेली होती. चित्रपट संपल्यावर एका बाईंनी विचारलं, "तुमच्या चित्रपटात कुणीच काही खात-पीत का नाही?"

मी म्हणालो, "खाण्याचे प्रसंग परवडत नाहीत."

सगळे हसले. मी विनोद केलेला नव्हता. माणूस नुसता बोलत असला तर दहा वेळा तेच बोलायला लावता येतं. जेवत असला की प्रत्येक वेळी नवं ताट, तेवढीच भाकरी, तेवढाच रस्सा, आणि सातव्या वेळी त्याचं पोट भरलेलं. पण त्या बाईंचा प्रश्न मनात राहिला. तिसरा चित्रपट लिहिताना मी मुद्दाम शेवटचा प्रसंग जेवणाचा ठेवला.

तिसरा चित्रपट पूर्ण लांबीचा. एक निवृत्त कामगार आणि त्याचा मुलगा एका घरात राहून एकमेकांशी बोलत नाहीत. शेवटी एका रविवारी दोघं मटणाच्या ताटावर बसतात, आणि बाप आपल्या ताटातली नळी, आत मगज भरलेलं हाड, उचलून मुलाच्या ताटात ठेवतो. ज्यांच्या घरी मटण शिजतं त्यांना नळीचं महत्त्व सांगायला नको. पातेल्यात चांगली नळी एखादीच असते, आणि ती कुणाच्या ताटात पडते यावरून त्या घरात कुणाची काय किंमत ते कळतं. हा प्रसंग नसला तर बाकीचा चित्रपट म्हणजे दोन माणसं दीड तास एकमेकांकडे पाठ करून बसलेली.

बापाच्या भूमिकेत आमच्या शेजारच्या इमारतीतले काका होते. मूळचे लातूरकडचे, पिंपरीत प्रेस शॉपमध्ये नोकरी केलेली आणि तरुणपणी कामगारांच्या नाट्यस्पर्धेत बक्षीस मिळवलेलं. मुलगा झाला होता आमच्याच कंपनीतला तपासणी विभागातला तरुण. कॅमेरामन लग्नांचं शूटिंग करायचा. तो चांगला होता, पण कुणी समोर आलं की सवयीनं म्हणायचा, "जरा हसा." न बोलणाऱ्या बापलेकांच्या चित्रपटात याचा त्रास होई.

घर होतं चाकणच्या पुढच्या एका गावातल्या आक्कांचं. त्यांची जमीन कंपन्यांत गेली, मुलगे ट्रकच्या धंद्यात गेले, आणि आक्कांनी स्वतःसाठी जुनं घर, अंगण, चूल आणि एक गाय ठेवून घेतली. त्यांनी घर वापरायला दिलं ते एकाच अटीवर. "आमची गाय दिसली पायजे." म्हणून माझ्या तिसऱ्या चित्रपटात प्रत्येक प्रसंगात कुठे ना कुठे गाय आहे. पुढे एका परीक्षकांनी तिच्याबद्दल बरंच लिहिलं. मी खुलासा केला नाही.

सगळे नोकरदार, म्हणून शूटिंग फक्त गुरुवारी. अशी दोन वर्षं गेली. सुरू करतानाच मी बायकोला सांगितलं होतं, की हा चित्रपट अर्धवट राहिला तर पुन्हा कॅमेऱ्याचं नाव काढणार नाही. ती ऐकलेलं विसरत नाही. आता आमच्या मुलीची बारावी तोंडावर आली होती. आणि काका गावी चालले होते, कायमचे. फ्लॅट रिकामा करून दिला होता, पुढच्या शनिवारी टेम्पो ठरला होता. म्हणजे हातात एकच गुरुवार होता आणि एकच प्रसंग. माझ्या दृष्टीनं गणित बरोबर जमलं होतं.

शेवटच्या आधीचा प्रसंग झाला, आम्ही अंगणात चहा पीत बसलो, आणि मी जाहीर केलं, "पुढच्या गुरुवारी शेवट. दीड किलो मटण मी घेऊन येतो. आक्का, तुम्ही फक्त चूल द्या."

आक्कांनी कप खाली ठेवला. "कंच्या गुरवारी?"

"पुढच्या."

"मार्गेसराच्या पयल्या गुरवारी? माज्या घरात?"

कॅमेरामन आभाळाकडे बघू लागला. काकांनी कपाळाला हात लावला. "अरे हिशेबी माणसा, दोन वर्षं झाली गुरुवारी शूटिंग करायलास. गुरुवारी मटण खात नाहीत, हे तुला आज कळालं का?"

"पण काका, प्रसंग रविवारचा आहे."

"प्रसंग रविवारचा असंल. आमी गुरुवारचेच हाव की!"

मी एकेकाला विचारत गेलो. काकांचा दत्ताचा गुरुवार, तीस वर्षांचा. दिवसभर फराळ, जेवण दिवेलागणीनंतर. मुलाचं काम करणाऱ्याला लग्नानंतर सासूबाईंनी गुरुवार लावून दिला होता. कॅमेरामनचा उपवास नव्हता, पण त्या दिवशी तो मटणाच्या जवळ उभाही राहत नसे. आक्कांकडे तर महालक्ष्मीचा घट मांडायचा होता आणि पुढे महिनाभर घरात सामिष शिजणार नव्हतं. गुरुवारी मटण खाऊ शकेल असा आमच्यात एकच माणूस निघाला, तो म्हणजे मी, आणि मी कॅमेऱ्याच्या मागे.

"मग गुरुवारच्या आधी करू," मी म्हणालो.

"बुधवारपर्यंत ऑडिट आहे, दादा," मुलगा म्हणाला. "कस्टमर येणार. त्यात रजा मागितली तर गुरुवारपासून कायमचीच मिळेल."

घरी आलो तेव्हा बायको मुलीचे कपडे इस्त्री करत होती. मी सगळं सांगितलं. ती हसेल असं वाटलं होतं. तिनं इस्त्री उभी करून ठेवली आणि विचारलं, "किती जणांचं?"

"दोघंच जेवणार. पण आठ वेळा."

"आठ वेळा कशाला? एकदा नीट जेवता येत नाही का त्यांना?"

मी टेक म्हणजे काय ते समजावू लागलो. तिनं हात वर केला. "उपवासाचं मटण करू."

उपवासाचं मटण असं काही नसतं, हे मला ठाऊक होतं. तिलाही ठाऊक होतं. पण सुरण असतो. सुरणाचे वेडेवाकडे तुकडे करून तळले तर कॅमेऱ्याला काय कळतंय, असं तिचं म्हणणं. रस्सा शेंगदाण्याच्या आमटीचा. कांदा-लसूण नाही, पण लाल तिखट चालतं, आणि तेल तापवून त्यात तिखट सोडलं की वर तर्री येते. भाकरी भगरीच्या पिठाची. तीही पांढरी असते, ज्वारीच्या भाकरीशेजारी ठेवली तरच फरक कळतो. मी म्हणालो, "तू हे आधी कधी केलंयस?" ती म्हणाली, "तुझ्याशी लग्न करून इतकी वर्षं झाली. नाही त्या गोष्टी आहेत असं दाखवणं मला जमतं."

राहिली नळी. खरं हाड आक्कांच्या घरात नेता येणार नव्हतं. बायकोनं रताळं पोखरून पाहिलं, ते मऊ पडलं. कच्चं केळं काळं पडलं. दोन दिवस आमच्या ओट्यावर हाडांसारखी न दिसणारी फळं-मुळं पडून होती, आणि मुलगी रोज विचारायची, "आज काय मेलंय?"

उपाय कंपनीत सापडला. आम्ही नायलॉनचा एक बुश बनवतो. बुश म्हणजे गाडीच्या सांध्यात बसणारी पांढरी, जाड, पोकळ नळकांडी. बोटभर लांबीची. एका लॉटमधले काही बुश किंचित जाड झाले म्हणून नापास होऊन लाल पेटीत पडले होते. मी एक उचलून उजेडात धरला. पातेल्यातून नुकतीच काढावी तशी नळी.

कंपनीतली वस्तू खिशात घालून नेणं माझ्यानं होत नाही, मग ती भंगारातली का असेना. मी स्टोअरमध्ये गेलो आणि गेटपास मागितला. स्टोअरवाल्यानं आधी बुशकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"एकच?"

"एकच."

"कारण काय टाकू?"

"खरं ते टाका. चित्रपटात हाड म्हणून."

त्यानं पेन खाली ठेवलं. "साहेब, मी 'नमुना' टाकतो. परत येणार का न येणार?"

गेटपास दोन तऱ्हेचे असतात, परतीचा आणि बिनपरतीचा. बिनपरतीच्या गेटपासवर मोठ्या साहेबांची सही लागते, आणि त्यांना मी हाडाची गोष्ट सांगणार नव्हतो. "परतीचा," मी म्हणालो. शिवाय मला खरोखरच परत करायचा होता.

फाटकावर वॉचमननं माझा डबा उघडून बघितला. पोळीच्या फडक्यात बुश. "ये क्या है, साब?"

"मटन की नल्ली."

त्यानं गेटपास वाचला, पुन्हा डब्यात बघितलं, आणि आमच्या पट्ट्यात इतकी वर्षं काढलेल्या माणसाला शोभेल अशा शांतपणे म्हणाला, "जाओ."

बायकोनं तो बुश सोड्यानं घासला, उकळला आणि रंग यावा म्हणून चहाच्या पाण्यात ठेवला. पांढरेपणा गेला, हाडाचा पिवळटपणा आला. आत कुस्करलेलं रताळं भरलं. मी तो सासूबाईंच्या ताटात ठेवून पाहिला. त्यांनी ताट सरकवलं आणि म्हणाल्या, "आज गुरुवार नाही हे मला माहीत आहे, पण एकादशी आहे."

गुरुवारी आम्ही सकाळीच आक्कांकडे पोचलो. आतल्या खोलीत घट मांडलेला, हार घातलेला, समोर पाच फळं. बायको आणि आक्का चुलीपाशी बसल्या. रस्सा लाल झाला, तर्री वर आली, तळलेले सुरणाचे तुकडे आत पडले, आणि अंगणात खरोखरच रविवार दुपारसारखं दिसू लागलं. आक्कांनी पातेल्यात डोकावून बघितलं, उठल्या, आणि घटाच्या खोलीचा पडदा ओढून घेतला.

बायको म्हणाली, "अहो आक्का, सुरणच आहे."

"तुला मला म्हाईत हाय. तिला लांबनं काय दिसतंय?"

मी आठ टेकांचं प्रमाण काढलं होतं. आठ वाट्या रस्सा, दर टेकला दोघांत एक, आणि प्रत्येक वेळी चार तुकडे एका ताटात. सगळं झाकून ठेवलं आणि कॅमेरा लावायला घेतला. उजेड अंगणात दुपारी तीननंतर तिरपा येतो, मला तो हवा होता. कॅमेरामन ताटाच्या जवळ जाऊन बघून आला. "सर, रुखवतापेक्षा भारी दिसतंय."

काका आणि मुलगा पाटावर बसले. मी प्रसंग समजावला. या प्रसंगावर मी खूप कष्ट घेतले होते. त्यात बापाचं एक लांब बोलणं होतं, मटण आणि आयुष्य यांची तुलना करणारं. काकांनी घसा साफ करून सुरुवात केली, "मटण कसं असतं बघ—"

"थांबा!" आक्का चुलीपासून ओरडल्या. "त्ये नाव घ्यायचं न्हाई."

"आक्का, नुसता शब्द आहे," मी म्हणालो.

"शब्द कसा नुसता? आज घरात ती बसलीय. खोटं खाताय, खावा. पर त्वांडानं म्हनायचं न्हाई. आमच्यात चालत न्हाई."

मी म्हणालो, मटणाऐवजी जेवण म्हणू. काकांनी म्हणून पाहिलं. जेवण आणि आयुष्य यांची तुलना जमेना. मी कागद घेऊन गोठ्याकडे गेलो आणि शब्द बदलू लागलो. एवढ्यात फाटकाशी आवाज झाला.

शेजारची वहिनी हळदी-कुंकवाचं बोलावणं करायला आली होती. तिनं अंगणात पाऊल टाकलं आणि समोर दोन ताटं बघितली. लाल रस्सा, तर्री, तुकडे, आणि काकांच्या ताटात, सगळ्यांत वर, नळी.

"आक्का..." एवढंच म्हणाली ती.

त्या एका शब्दात आक्कांची गावातली सगळी पत होती. संध्याकाळपर्यंत गावभर झालं असतं, की जमिनी गेल्या तशी रीतही गेली, मार्गशीर्षातल्या पहिल्या गुरुवारी, घट मांडलेल्या घरात. आक्का ताडकन उठल्या. "ये हिकडं. खा."

"मी? उपास हाय माजा!"

"माजाबी हाय. खा म्हन्ते ना!"

वहिनीनं घाबरत तुकडा तोंडात घातला. चावला. तिचा चेहरा बदलला. "आगं बया, सुरान हाय व्हय!" मग दुसरा तुकडा. "रश्श्याला काय लावलंय?" बायकोनं सांगितलं. वहिनी म्हणाली, "थांबा, सासूबाईला दाखवते, न्हाईतर त्यांनी भिताडावरनं बघितलंय, त्या काय माज्यावर इस्वास ठेवायच्या न्हाईत."

वहिनीच्या सासूबाई आल्या. त्यांच्या जाऊबाई आल्या. आक्कांनी स्वतः वाढलं, आणि खाल्ल्याशिवाय कुणाला जाऊ दिलं नाही. बायको एकेकीला रश्श्याचं सांगत होती आणि मी गोठ्याजवळ उभा राहून माझ्या आठ वाट्या रिकाम्या होताना बघत होतो. मध्ये पडायचं धाडस मला झालं नाही. ज्या बाईच्या घरात आपण दोन वर्षं फुकट वावरलो तिची पत जात असताना टेकांचा हिशेब काढणं बरं दिसलं नसतं. तरी मी मनातल्या मनात काढत होतोच.

सगळ्या गेल्या तेव्हा पातेल्यात एक पळी रस्सा आणि चार तुकडे उरले. भाकऱ्या दोन. उन्हाची तिरीप भिंतीवर चढू लागली होती.

"एकदाच होईल," बायको म्हणाली.

कॅमेरामननं माझ्याकडे बघितलं. मुलगा म्हणाला, "दादा, डायलॉग?"

मी कागदाकडे बघितलं. त्यात अजून एकही वाक्य धड बसलं नव्हतं, आणि बसवायला वेळ नव्हता. "बोलू नका," मी म्हणालो. "काहीच बोलू नका. काका, नळी उचला आणि त्याला द्या. बस."

"एवढंच?" काका म्हणाले. "मग दोन महिने पाठांतर कशाला करून घेतलंस रे?"

कॅमेरा सुरू झाला. दोघं खाली मान घालून जेवू लागले. काकांनी भाकरी मोडली, बुडवली, खाल्ली. सकाळपासून चार शेंगदाण्यांवर होते, त्यामुळे भूक खरी होती. मग त्यांनी नळी उचलली. ठरल्याप्रमाणे सरळ मुलाच्या ताटात ठेवायची होती. पण नळी हातात आली आणि हाताची जुनी सवय जागी झाली. त्यांनी ती ताटाच्या काठावर आपटली. टक टक. काही पडलं नाही. रताळं वाळून आत एका कडेला घट्ट चिकटलं होतं. पुन्हा टक टक. काही नाही. मग त्यांनी एक डोळा मिटून नळी दुसऱ्या डोळ्याशी धरली आणि आतून मुलाकडे बघितलं.

मुलाला हसू आलं. ते माझ्या कागदावर नव्हतं, कुठेच नव्हतं. त्यानं ते दाबायला बघितलं, पण ते खांद्यांपर्यंत गेलं. काकांनी डोळ्यावरून नळी काढली, त्याच्याकडे बघत राहिले, आणि हात लांब करून ती त्याच्या ताटात ठेवली. तू बघ तुला जमतंय का, अशी. मुलानं ती उचलली आणि आपटली. टक टक. मागे गायीनं मान वळवली.

बराच वेळ कुणी हललं नाही.

"अरे कट म्हण की!" काका ओरडले. "जेवण उरलंय माझं!"

मी कट म्हणालो. बायकोनं पदर नाकाला लावला होता. मला वाटलं तिखट उडालं असेल. पुढे कधीतरी तिनं सांगितलं की तिखट नव्हतं. घरी जाताना गाडीत ती एवढंच म्हणाली, "पुढच्यात कुणाला उपास असला तर आधी विचारून घे." पुढच्यात, हा शब्द मी ऐकला, आणि पुन्हा विचारून खात्री करून घेतली नाही. तसं करण्याइतका मी मूर्ख नाही.

चित्रपट पुरा झाला. पहिल्यांदा तो आम्ही आक्कांच्या अंगणातच चादर बांधून दाखवला. नळीच्या प्रसंगाला लोक आधी हसले, मग गप्प झाले. मला जे कागदावर जमलं नव्हतं ते हेच होतं. सुरणाचं आहे हे निम्म्या गावाला माहीत होतं, तरी वहिनीच्या सासूबाई म्हणाल्या, "मटान मऊ शिजलेलं दिसतंय." आक्का म्हणाल्या, "गाय बारीक दिसतीया."

काका शूटिंगनंतरच्या शनिवारीच ठरल्याप्रमाणे गेले होते. बुश त्यांच्याबरोबर गेला, हे मला सोमवारी कळलं. स्टोअरमधून आठवण आली, परतीच्या गेटपासवरचा एक नग बाकी. मी फोन लावला.

"काका, तो बुश तुमच्याकडे आहे का?"

"कोणता बुश?"

"नळी."

"हां, नळी हाय. देवळीत ठेवलीय."

"ती परत करायची आहे. कंपनीची आहे."

"रिजेक्ट माल हाय की तो. कंपनी काय करणार त्याचं?"

"काही नाही. पण गेटपास परतीचा आहे."

मागे कोंबडी ओरडत होती. मग काका म्हणाले, "त्यान्ला लिहून दे, म्हाताऱ्यानं खाल्ली."

स्टोअरमधून अजून दर महिन्याला बाकीची यादी येते आणि त्यात माझ्या नावापुढे एक नग असतो. इतक्या वर्षांत माझ्या नावावर कधी काही बाकी राहिलेलं नाही. शेऱ्याच्या रकान्यात काय लिहावं याचा मी पुष्कळ विचार केला. म्हाताऱ्यानं खाल्ली, हे खरं नाही. हरवली, हेही खरं नाही. म्हणून मी तो रकाना कोरा सोडतो आणि सही करतो.